रीतीची सीमा

मराठीत ‘रीत’ हा शब्द दोन घरांत नांदतो. एक घर गणिताचे. त्रैराशिकाची रीत, वर्गमूळ काढण्याची रीत, लसावि-मसावि काढण्याची रीत असे शब्दप्रयोग जुन्या अंकगणिताच्या पुस्तकांतून आपल्या परिचयाचे आहेत. दुसरे घर संसाराचे. लग्नकार्यातील रीत, देण्याघेण्याची रीत, आणि ‘आपल्याकडे अशी रीत नाही’ हे घरातील वडीलधाऱ्यांचे निर्वाणीचे वाक्य. महाराष्ट्राबाहेर पिढ्यान्‌पिढ्या राहिलेल्या कुटुंबांना या दुसऱ्या अर्थाचे मोल निराळे सांगावयास नको. मूळ गाव सुटले, भोवतीची भाषा बदलली, तरी रीत बरोबर आली. दोन्ही अर्थांत एक गोष्ट समान आहे. पायऱ्या ठरलेल्या असतात, त्यांचा क्रम ठरलेला असतो, आणि करणाऱ्याने प्रत्येक पायरीवर नव्याने विचार करावा अशी अपेक्षा नसते. रीतीचे सामर्थ्य यातच आहे आणि तिच्याविषयीची शंकाही येथूनच उगवते.

ती शंका अशी : प्रत्येक प्रश्न रीतीने सुटेल काय? योग्य रीत सापडेपर्यंतच माणसाला स्वतः निर्णय घेण्याचा भार वाहावा लागतो, आणि ती सापडली की तो उतरतो, असे मानावे काय? नीतिशास्त्राने हा प्रश्न फार जुन्या काळापासून विचारला. परंतु त्याच्या एका अंगाला बिनतोड उत्तर मिळाले ते विसाव्या शतकात, तेही गणिती तर्कशास्त्राकडून. ते उत्तर नेमके काय आहे आणि काय नाही, याचा विचार येथे करावयाचा आहे; कारण आज ‘अल्गोरिदम’ हा शब्द वर्तमानपत्रांतून रोज वाचावयास मिळतो, आणि त्याच्या नावावर अनेक निर्णय आपल्या दारापर्यंत येऊन ठेपतात.

या शब्दाचे मूळ नवव्या शतकातील बगदादमध्ये आहे. अल्-ख्वारिझ्मी या विद्वानाने भारतीय अंकपद्धतीने गणित कसे करावे यावर ग्रंथ लिहिला. त्याचे लॅटिन भाषांतर युरोपात पसरले, आणि ग्रंथकाराच्या नावाचा लॅटिन अपभ्रंशच पुढे त्या गणनपद्धतीचे नाव होऊन बसला. म्हणजे शब्द अरबी नावावरून आलेला, रूप लॅटिन, आणि त्यामागील अंक आपल्याकडचे. त्या शब्दाला मराठीत प्रतिशब्द शोधावयाचा तर ‘रीत’ याहून नेमका शब्द मिळणे कठीण.

रीत किती समर्थ असू शकते, याचे एक उदाहरण आपल्याच भूमीतील आहे. ११५० च्या सुमारास भास्कराचार्यांनी आपल्या ‘बीजगणित’ या ग्रंथात एक प्रश्न सोडवून दाखविला. अशी पूर्ण संख्या शोधा की, तिच्या वर्गाला ६१ ने गुणून त्यात १ मिळविला असता येणारी संख्याही पूर्ण वर्गच असेल. प्रश्न दिसावयास पोरखेळासारखा. परंतु १, २, ३ असे एकेक करून पाहू लागल्यास आयुष्य पुरणार नाही. कारण अशी सर्वांत लहान संख्या २२,६१,५३,९८० ही आहे, आणि येणारा वर्ग १,७६,६३,१९,०४९ या संख्येचा आहे. भास्कराचार्य हे उत्तर मोजक्या पायऱ्यांत काढतात. त्यांची रीत ‘चक्रवाल’ नावाने प्रसिद्ध आहे, आणि तिचा मागोवा त्यांच्या आधीच्या जयदेवापर्यंत नेता येतो. पुढे १६५७ मध्ये फ्रान्समधील फेर्मा याने हाच ६१ चा प्रश्न आपल्या समकालीनांना आव्हान म्हणून दिला. पाच शतकांपूर्वी सह्याद्रीच्या परिसरात तो सुटला होता, हे त्याला ठाऊक नव्हते. भास्कराचार्यांचे नातू चांगदेव यांनी आजोबांच्या ग्रंथांच्या अध्ययनासाठी मठ स्थापिल्याचा शिलालेख चाळीसगावजवळच्या पाटण येथे आहे. म्हणजे ही रीत शिकविली जावी, पुढे चालावी, याची काळजीही घेतली गेली.

या प्रकारच्या समीकरणांना आपल्या परंपरेत ‘वर्गप्रकृती’ म्हणतात. ६१ च्या जागी वर्ग नसलेली कोणतीही पूर्ण संख्या घ्या, चक्रवाल चालतेच. ती प्रत्येक वेळी उत्तरापर्यंत पोचतेच, याची सिद्धता मात्र भास्कराचार्य देत नाहीत. अशा प्रत्येक समीकरणाला उकल असते हे लाग्रांज याने अठराव्या शतकात सिद्ध केले, आणि खुद्द चक्रवालविषयीची सिद्धता म्हैसूरचे कृष्णस्वामी अय्यंगार यांनी १९२९ च्या सुमारास दिली. येथे एक भेद ध्यानात ठेवावा. रीत चालविणे ही एक गोष्ट आणि ती थांबेलच याची खात्री देणे ही दुसरी. पुढील सारी कथा या भेदावर उभी आहे.

१९०० मध्ये पॅरिस येथील गणितज्ञांच्या परिषदेत डेव्हिड हिल्बर्ट यांनी नव्या शतकापुढे काही प्रश्न ठेवले. पुढे प्रसिद्ध झालेल्या त्यांच्या २३ प्रश्नांतील दहावा प्रश्न वर्गप्रकृतीच्या कुळातलाच, पण कितीतरी व्यापक होता. पूर्णांक सहगुणकांचे कोणतेही बहुपदी समीकरण घ्या. त्यात अज्ञात राशी कितीही असोत. त्याला पूर्णांकांत उकल आहे की नाही, हे सांत पायऱ्यांत ठरविणारी एकच रीत सांगा. भास्कराचार्यांनी एका कुळाची रीत दिली होती, हिल्बर्ट सर्व कुळांसाठी एकच रीत मागत होते. १९२८ मध्ये हिल्बर्ट आणि आकरमान यांच्या ग्रंथात याहूनही मोठी मागणी पुढे आली. तर्कशास्त्राच्या भाषेत मांडलेले कोणतेही विधान तर्काच्या नियमांनीच सिद्ध होते की नाही, हे ठरविणारी रीत त्यांना हवी होती. गणितात ‘कधीच कळणार नाही’ असे काही नाही, ही हिल्बर्ट यांची श्रद्धा होती. ८ सप्टेंबर १९३० रोजी क्योनिग्सबर्ग येथील भाषणात त्यांनी ती मोठ्या उमेदीने बोलून दाखविली. योगायोग असा की, त्याच शहरात आदल्याच दिवशी, पंचविशीच्या आत असलेल्या कुर्ट ग्योडेल यांनी एका चर्चेत सांगितले होते की, पूर्णांकांच्या गणितात अशी विधाने असतात की जी सत्य असूनही दिलेल्या नियमव्यवस्थेत सिद्ध होत नाहीत.

ग्योडेल यांच्या शोधानेही रीतीचा प्रश्न मिटला नाही. आणि तो मिटत का नव्हता, हे समजून घेण्यासारखे आहे. एखाद्या कामाची रीत आहे हे दाखवावयाचे असेल तर ती करून दाखविली की पुरे. ‘रीत’ म्हणजे काय, याची व्याख्या कोणी मागत नाही. परंतु रीत नाहीच, आजवर सापडली नाही एवढेच नव्हे तर सापडणेच शक्य नाही, असे म्हणावयाचे असेल तर गोष्ट पालटते. गावात विहीर आहे हे दाखवावयास एक विहीर पुरते. गावात विहीर नाही असे शपथेवर सांगावयाचे तर आधी गावाची शीव ठाऊक असावी लागते. चक्रवाल सांगताना भास्कराचार्यांना रीतीची व्याख्या करण्याचे कारण पडले नाही. हिल्बर्ट यांना नकार देऊ पाहणाऱ्याला मात्र आधी शीव आखणे भाग होते.

ही शीव १९३६ मध्ये आखली गेली, आणि तीही निरनिराळ्या ठिकाणी. अमेरिकेत अलोन्झो चर्च यांनी एका सांकेतिक कलनाच्या द्वारे व्याख्या केली. त्याच वर्षी एमिल पोस्ट यांनी स्वतंत्रपणे दुसरी मांडली. आणि केंब्रिजमध्ये तेवीस वर्षांच्या ॲलन ट्युरिंग यांनी तिसरी. मद्रास इलाख्यात सनदी नोकरीवर असलेल्या इंग्रज अधिकाऱ्याचा हा मुलगा. त्याने संकेतांकडे न पाहता माणसाकडे पाहिले. इंग्रजीत ‘कॉम्प्युटर’ हा शब्द त्या काळी माणसाला लावीत. आकडेमोडीसाठी नेमलेला कारकून असा त्याचा अर्थ. असा कारकून हिशेब करतो तेव्हा खरोखर काय करतो? त्याच्यासमोर मुलांच्या वहीसारखा चौकटींचा कागद आहे. एका वेळी थोडीच चिन्हे त्याच्या नजरेत येतात. मनाच्या मोजक्या अवस्थांपैकी एका अवस्थेत तो असतो. समोरचे चिन्ह आणि मनाची अवस्था या दोहोंवरून पुढचे पाऊल ठरते : चिन्ह पुसावे, नवे लिहावे, शेजारच्या चौकटीकडे वळावे, अवस्था बदलावी. याखेरीज त्याच्या कामात काही नाही. ज्याला असे वर्णन करता येते ती रीत, आणि ज्याला येत नाही ती रीत नव्हे.

तिन्ही व्याख्या दिसावयास भिन्न. पण त्यांनी व्यापलेले क्षेत्र तंतोतंत एकच निघाले. त्यानंतर आजवर पुढे आलेली रीतीची प्रत्येक समंजस व्याख्या त्याच शिवेत येऊन बसली आहे. चर्च यांच्या व्याख्येविषयी साशंक असलेले ग्योडेलही ट्युरिंग यांचे विश्लेषण पाहून निःशंक झाले. तरीही एक गोष्ट प्रामाणिकपणे सांगितली पाहिजे. आपल्या मनातील ‘रीत’ आणि ही व्याख्या एकच आहेत, हे गणिताने सिद्ध झालेले नाही आणि होण्याजोगेही नाही. कारण सिद्धता व्याख्येनंतर सुरू होते. येथे पुरावे तोलून मान्यता द्यावी लागते. रीतीची सीमा दाखविणाऱ्या शास्त्राचा पायाच अशा रीतीने एका विवेकाच्या निर्णयावर उभा आहे.

शीव आखली गेली आणि नकार सिद्ध झाला. आज तो ज्या रूपात शिकविला जातो ते रूप असे. समजा, एक परीक्षक रीत आहे. तिच्यापुढे कोणतीही रीत लिहून ठेवावी आणि तिला पुरवावयाची सामग्री सांगावी. ही रीत चालविली तर कधीतरी थांबेल की अखंड चालत राहील, याचा बिनचूक निर्वाळा परीक्षक सांत पायऱ्यांत देतो. आता या परीक्षकाचाच उपयोग करून एक विरोधी रीत रचू. तिला कोणत्याही रीतीचे लेखन दिले की ती परीक्षकाला विचारते, ‘ही रीत स्वतःचेच लेखन सामग्री म्हणून घेऊन चालली तर थांबेल काय?’ उत्तर ‘थांबेल’ असे आले, तर विरोधी रीत मुद्दाम अखंड फिरत राहते. ‘थांबणार नाही’ असे आले, तर ती तत्काळ थांबते. आता विरोधी रीतीला तिचेच लेखन द्यावे. परीक्षक ‘थांबेल’ म्हणाला तर ती थांबत नाही. ‘थांबणार नाही’ म्हणाला तर ती थांबते. दोन्हीकडून परीक्षक खोटा ठरतो. म्हणून असा परीक्षक असूच शकत नाही. यंत्र कितीही वेगवान असो, कागद कितीही मोठा असो, हा नकार ढळत नाही.

या नकाराचा अर्थ अनुभवाच्या भाषेत सांगावयाचा तर असा. रीत थांबली तर आपल्याला कळतेच. वाट पाहिली म्हणजे झाले. पण ती चालूच असेल, तर ‘उत्तर अजून आलेले नाही’ आणि ‘उत्तर येणारच नाही’ या दोन स्थितींतला भेद सर्व प्रसंगी सांगू शकेल असे साधन नाही. एक साधा खेळ पाहा. कोणतीही संख्या घ्या. सम असेल तर निम्मी करा, विषम असेल तर तिप्पट करून एक मिळवा. १ येईपर्यंत हेच करीत राहा. ६ पासून आरंभ केला तर आठ पायऱ्यांत १ येतो. २७ पासून केला तर संख्या ९,२३२ पर्यंत चढते आणि १११ पायऱ्यांनंतर १ वर येते. शंभराव्या पायरीवर कोणी कंटाळून ‘हे संपणार नाही’ म्हणाला असता तर तो चुकला असता. प्रत्येक संख्या शेवटी १ वर येतेच काय, हे आजही सिद्ध झालेले नाही.

हिल्बर्ट यांच्या दहाव्या प्रश्नाचा निकाल लागावयास मात्र आणखी चौतीस वर्षे गेली. मार्टिन डेव्हिस, हिलरी पुटनम आणि ज्युलिया रॉबिन्सन या अमेरिकन गणितज्ञांनी वाट बरीच मोकळी केली होती. १९७० मध्ये लेनिनग्राडच्या बावीस वर्षांच्या युरी मातियासेविच यांनी शेवटचे पाऊल टाकले. उत्तर : अशी रीत नाही. या सिद्धतेच्या वाटेवर ज्युलिया रॉबिन्सन यांनी जी समीकरणे हाताशी धरली, ती वर्गप्रकृतीची होती. त्यांच्या उकली अतिशय वेगाने मोठ्या होत जातात, ही ६१ च्या उदाहरणात आपण पाहिलेली गोष्टच तेथे कामास आली. ज्या समीकरणांच्या योगे भास्कराचार्यांनी रीतीचे सामर्थ्य दाखविले, त्यांच्याच साहाय्याने आठ शतकांनंतर रीतीची सीमा सिद्ध झाली. हिल्बर्ट यांचा यात पराभव झाला असे मला वाटत नाही. एखाद्या प्रश्नाची उकल अशक्य आहे हे सिद्ध करणे हीदेखील त्या प्रश्नाची उकलच होय, असे त्यांनी १९०० मध्येच म्हटले होते. सीमा नेमकी कळणे हेही ज्ञानच आहे.

आता या ज्ञानातून काय निघते? येथे दोन मोह टाळले पाहिजेत. पहिला मोह आपल्या अभिमानाला सुखावणारा आहे : यंत्राला मर्यादा आहे, माणसाला नाही, तेव्हा माणूस यंत्राहून श्रेष्ठ हे गणितानेच सिद्ध केले. असा युक्तिवाद काही विद्वानांनी गंभीरपणे केला आहे; पण नुसत्या या सिद्धांतातून तो निष्पन्न होत नाही. ट्युरिंग यांनी चित्र काढले ते लोखंडाच्या यंत्राचे नव्हते, ते नियमाने काम करणाऱ्या माणसाचे होते. म्हणून ही सीमा रीतीची आहे. ती पाळणारा पोलादाचा असो की हाडामांसाचा. वरील खेळात सर्व संख्यांचे भवितव्य यंत्राला ठाऊक नाही, तसे ते आपल्यालाही ठाऊक नाही.

दुसरा मोह निराशेचा : सर्वांसाठी एक रीत नाही, तेव्हा काहीच कळावयाचे नाही. हेही खरे नव्हे. ट्युरिंग यांच्या पद्धतीची, केवळ पाच अवस्था आणि दोन चिन्हे असलेली यंत्रे घ्या. कोऱ्या फितीवर सुरू होऊन शेवटी थांबणाऱ्या अशा यंत्रांपैकी सर्वांत जास्त पायऱ्या चालणारे कोणते? ४,७१,७६,८७० पायऱ्या चालून थांबणारे यंत्र १९८९ मध्ये सापडले. याहून अधिक चालून थांबणारे कोणतेच नाही, हे मात्र २०२४ मध्ये सिद्ध झाले. निरनिराळ्या देशांतील हौशी आणि व्यावसायिक अभ्यासकांच्या एका गटाने उरलेली यंत्रे तपासली. बहुतेकांसाठी काही सामान्य युक्त्या चालल्या, आणि जी हट्टी उरली त्यांच्यासाठी स्वतंत्र युक्तिवाद रचावे लागले. सर्वांना पुरणारी रीत नसतानाही समोरच्या प्रश्नाला उत्तर मिळू शकते. मात्र त्यासाठी त्या प्रश्नाकडे त्याचा स्वतःचा प्रश्न म्हणून पाहावे लागते.

मला या साऱ्याचा नैतिक अर्थ येथे दिसतो. रीत आपल्याला फार मोठा दिलासा देते. ती पाळली की आपण निर्दोष ठरतो, असे आपल्याला वाटते. घरातील वडीलधारे ‘आपल्याकडे अशी रीत नाही’ म्हणतात तेव्हा निर्णय त्यांनी घेतलेला असतो, पण त्याचे उत्तरदायित्व पूर्वजांवर टाकलेले असते. खिडकीपलीकडचा कर्मचारी ‘सिस्टीम घेत नाही’ म्हणतो तेव्हाही तेच घडते. वयोमानाने बोटांच्या रेषा झिजलेल्या आहेत, ठसा जुळत नाही, समोर उभे असलेले माणूस तेच आहे हे खिडकीच्या दोन्ही बाजूंना ठाऊक आहे. तरी निवृत्तिवेतन अडते. येथे अडसर ट्युरिंग यांच्या सिद्धांताचा नाही, हे स्पष्ट केले पाहिजे. अशा अपयशांची कारणे अगदी साधी असतात, आणि सिद्धांताच्या आड त्यांना लपविणे अन्यायाचे होईल. पण सिद्धांताने एक गोष्ट कायमची काढून घेतली आहे : कधीतरी इतकी परिपूर्ण रीत तयार होईल की कोणाला निर्णय घेण्याची आणि त्याचा जाब देण्याची गरजच उरणार नाही, ही आशा. पूर्णांकांच्या समीकरणांइतक्या निर्मळ क्षेत्रातही जे साधत नाही, ते माणसांच्या गुंतागुंतीच्या व्यवहारात साधेल असे समजण्यास आधार नाही.

आणि तरीही रीत टाकून द्यावी असे यातून निघत नाही. चक्रवाल नसते तर ६१ चा प्रश्न कोणाच्याही अंतःस्फूर्तीने सुटला नसता. मनाला येईल तसा निर्णय करणाऱ्या अधिकाऱ्यापेक्षा नियमाने चालणारा अधिकारी शतपटीने बरा. पक्षपातापासून दुर्बळाचे रक्षण पुष्कळदा नियमच करतो. आपल्या कुटुंबांनीही परक्या मुलुखात ज्या रीती जपल्या, त्यांनीच भाषा आणि नाती टिकविली. मागणी एवढीच की, रीत जेथवर पोचते तेथवर तिला मानावे, आणि ती जेथे पोचत नाही तेथे तिच्या नावाने बोलू नये.

शिवेपलीकडे जे उरते त्याला मी अंतर्ज्ञान वगैरे मोठे नाव देत नाही. तेथे उरते ते साधे, जोखमीचे काम : आणखी वाट पाहावी की थांबावे हे ठरविणे, समोरचे उदाहरण पुन्हा एकदा स्वतंत्रपणे पाहणे, आणि जे ठरविले ते आपण ठरविले असे म्हणणे. असा निर्णय चुकू शकतो. चुकला तर तो कोणाचा होता हे ठाऊक असल्यामुळे दुरुस्तही करता येतो. मुलीच्या लग्नात एखादी जुनी रीत मोडावी की पाळावी, वृद्धाचा अर्ज नियमात बसत नसला तरी वरिष्ठांकडे पाठवावा की परत करावा, हे प्रश्न हिल्बर्ट यांच्या यादीत नव्हते. त्यांची उत्तरे कोणत्याही रीतीतून आपोआप गळून पडणार नाहीत. ती द्यावयाची तर कोणीतरी आपल्या नावाने द्यावी लागतील.